वाचकांचे प्रश्न : स्वतंत्र चित्रपट निर्मात्याची वाट

चित्रपटनिर्मितीविषयी प्रश्न पाठवा, असे आवाहन या सदरातून केले होते. आलेल्या पत्रांत निर्माता होऊ इच्छिणाऱ्या तरुणांची पत्रे बरीच आहेत, याचा मला मनापासून आनंद झाला. मराठीत चांगले लेखक आणि दिग्दर्शक पुष्कळ आहेत. पण एखाद्या वाहिनीचा किंवा मोठ्या कंपनीचा आधार नसताना चित्रपट कागदापासून पडद्यापर्यंत नेणारे आणि त्यानंतर दुसराही चित्रपट करणारे निर्माते फार थोडे आहेत. आलेल्या सगळ्या पत्रांपैकी पाच येथे घेतली आहेत. पत्रलेखकांची नावे त्यांच्या सोयीसाठी वगळली आहेत.

प्रश्न : मी वाणिज्य शाखेचा पदवीधर असून काही वर्षे मुंबईत मालिकांच्या निर्मिती विभागात काम करतो. मला स्वतंत्र चित्रपट निर्माता व्हायचे आहे. वडील म्हणतात, "निर्माता म्हणजे पैसेवाला माणूस. आपल्याकडे पैसा आहे कुठे?" त्यांचे म्हणणे खरे आहे का? या कामाचे शिक्षण कोठे मिळते? — एक वाचक, नाशिक

उत्तर : वडिलांचे म्हणणे अनुभवाचे आहे. दुसऱ्या धंद्यात मिळवलेला पैसा हौसेने एका चित्रपटात घालायचा आणि हात पोळले की पुन्हा इकडे फिरकायचे नाही, असे निर्माते मराठीने पिढ्यान्‌पिढ्या पाहिले आहेत. परंतु पैसा पुरवणे आणि निर्मिती करणे ही दोन वेगळी कामे आहेत. १९५७ चा कॉपीराइट कायदा चित्रपट करण्याचा पुढाकार आणि जबाबदारी घेणाऱ्या व्यक्तीला निर्माता मानतो, आणि त्याच व्यक्तीला चित्रपटाचा कर्ता ठरवतो. पैसा स्वतःचा असो, मित्राचा असो की परदेशातील एखाद्या निधीचा. तो जमवणे, योग्य वेळी योग्य ठिकाणी खर्च करणे, ज्याचा त्याला परत करणे आणि या सगळ्यात चित्रपटाचा जीव सांभाळणे, हे निर्मात्याचे काम आहे.

आपल्याकडच्या पहिल्या निर्मात्याचेच उदाहरण घ्या. दादासाहेब फाळक्यांजवळ भांडवल नव्हते. विम्याच्या पॉलिसी गहाण ठेवून ते १९१२ मध्ये लंडनला गेले, कॅमेरा आणि साहित्य घेऊन आले, आणि तरीही चित्रपटासाठी पैसे हवेच होते. तेव्हा त्यांनी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी चित्रित केली. दाण्याचा वेल होताना पडद्यावर दिसतो, एवढेच त्या चित्रफितीत होते. पण ती पाहिल्यावर पैसे देणारा माणूस उभा राहिला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. त्या काळात सरस्वतीबाई फाळके सगळ्या चमूचा स्वयंपाक करत, आणि रात्री कच्च्या फिल्मला भोके पाडण्याचे कामही करत. पैसे मागण्यापूर्वी काहीतरी करून दाखवणे आणि कामावरच्या माणसांच्या पोटापाण्याची व्यवस्था लावणे, ही निर्मात्याची दोन्ही कामे त्या घरात पूर्णपणे झालेली दिसतात.

अलीकडचे उदाहरण 'कोर्ट' या चित्रपटाचे आहे. त्याचे निर्माते विवेक गोम्बर हे मूळचे अभिनेते. त्यांनी दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणे यांना पटकथा लिहून होईपर्यंत दरमहा ठरावीक रक्कम दिली. चित्रीकरणाचा खर्च तर कोणीही मोजतो. पण लेखकाला निश्चिंतपणे लिहिता यावे म्हणून पैसे देणे हा मला त्या चित्रपटातील सर्वांत मोलाचा निर्मितीनिर्णय वाटतो. २०१४ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात ओरिझोन्ती विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि पदार्पणासाठीचा पुरस्कार असे दोन्ही मान 'कोर्ट'ला मिळाले, पाठोपाठ राष्ट्रीय पुरस्कारांतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळही मिळाले, आणि ताम्हाणे यांच्या पुढच्या चित्रपटाचे, 'द डिसायपल'चे निर्मातेही गोम्बरच होते. दिग्दर्शक पुन्हा त्याच निर्मात्याकडे जातो, याहून मोठे प्रशस्तिपत्र या व्यवसायात नाही.

शिक्षणाबाबत सांगायचे तर कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये निर्मिती या विषयाचा स्वतंत्र पूर्णवेळ अभ्यासक्रम आहे. वय आणि परिस्थिती अनुकूल असेल, तर प्रवेशपरीक्षा अवश्य द्यावी. ते शक्य नसेल, तरी तुम्ही योग्य जागीच उभे आहात. मालिकेच्या निर्मिती विभागात माणूस कॉल शीट (रोजच्या चित्रीकरणाचे वेळापत्रक), रेकी (जागांची आधी केलेली पाहणी), जनरेटरचे डिझेल, कलाकारांच्या तारखा आणि रोजची रोकडवही शिकतो. मात्र मालिकेत कथा आणि पैसा ही दोन्ही वाहिनीकडून येतात, त्यामुळे निर्मात्याच्या कामाचा पूर्वार्ध तेथे दिसत नाही. तो शिकण्यासाठी एखाद्या लहान चित्रपटावर लाइन प्रोड्यूसरचा, म्हणजे चित्रीकरणाचा रोजचा खर्च आणि व्यवस्था पाहणाऱ्याचा, सहायक म्हणून, कमी पैशांत का होईना, पहिल्या अंदाजपत्रकापासून सेन्सॉर प्रमाणपत्रापर्यंत राहा. वाणिज्य शाखेची पदवी येथे फार उपयोगी पडते. ती कमी लेखू नका.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक आहे. माझ्या विद्यार्थ्याने लिहिलेली एक उत्तम ग्रामीण कथा माझ्याकडे आहे. भविष्य निर्वाह निधीची रक्कम आणि गावाकडील जमिनीचा तुकडा विकून सुमारे एक कोटी रुपये उभे राहतील. एवढ्यात चित्रपट होईल, असे जाणकार सांगतात. शासनाचे अनुदानही मिळते म्हणे. मी हे धाडस करावे का? — एक वाचक, कोल्हापूर जिल्हा

उत्तर : गुरुजी, जमीन विकू नका. एक कोटीत चित्रपट होईल, हे जाणकारांचे म्हणणे खरे असेल. पण तो पैसा परत कसा येईल, हे त्यांनी तुम्हाला सांगितलेले दिसत नाही, म्हणून येथे हिशेब मांडतो.

तिकीट दोनशे रुपयांचे धरू. शंभर रुपयांवरील तिकिटावर १८ टक्के जीएसटी असतो, तो वजा जाता सुमारे १६९ रुपये उरतात. निर्माते आणि मल्टिप्लेक्स यांच्यात २००९ साली दोन महिने संघर्ष चालला होता. त्यातून ठरलेल्या तडजोडीनुसार वितरकाच्या बाजूला पहिल्या आठवड्यात ५० टक्के, दुसऱ्यात ४२.५, तिसऱ्यात ३७.५ आणि त्यापुढे ३० टक्के असे उतरते प्रमाण आले. म्हणजे अगदी पहिल्या आठवड्यातही १६९ पैकी सुमारे ८५ रुपयेच थिएटरच्या बाहेर येतात. वितरक कमिशनवर काम करत असेल आणि ते १५ टक्के धरले, तर तुमच्या वाट्याला ७२ रुपये येतील. एक कोटी परत मिळवायचे, तर १ लाख ३९ हजार माणसांनी पहिल्याच आठवड्यात तिकीट काढले पाहिजे.

हे झाले केवळ चित्रपट तयार करण्याच्या खर्चाचे. पोस्टर, ट्रेलर, जाहिराती, कलाकारांचे दौरे आणि डिजिटल प्रक्षेपणासाठी प्रत्येक पडद्यामागे भरावे लागणारे शुल्क यांसाठी आणखी चाळीस लाख धरा. तो खर्च वितरक आधी वळता करून घेतो. आता प्रेक्षकसंख्या १ लाख ९४ हजारांवर जाते. शंभर पडद्यांवर रोज तीन खेळ मिळाले असे मानले, तरी आठवड्यात २,१०० खेळ होतात आणि प्रत्येक खेळाला सरासरी ९२ माणसे लागतात. नवख्या निर्मात्याच्या, ओळखीचा चेहरा नसलेल्या चित्रपटाला सकाळचे आणि भरदुपारचे खेळ मिळतात. मंगळवारी दुपारी बारा वाजता ९२ माणसे कोठून येणार? चित्रपट चांगला असूनही ती येत नाहीत, आणि चांगल्याची कुजबुज पसरेपर्यंत शुक्रवारी दुसरा चित्रपट लागलेला असतो.

शासनाच्या अनुदानाविषयीही एक गैरसमज आहे. दर्जेदार मराठी चित्रपटांना अर्थसाहाय्य देण्याची राज्य शासनाची योजना आहे आणि तिने अनेक निर्मात्यांना खरोखर तारले आहे; परंतु चित्रपट पूर्ण होऊन त्याला सेन्सॉरचे प्रमाणपत्र मिळाल्यावर परीक्षण समिती तो पाहते, प्रतवारी लावते आणि त्यानंतर रक्कम ठरते. त्या पैशाच्या भरवशावर चित्रीकरण सुरू करता येत नाही. अंदाजपत्रकात अनुदान 'मिळाले तर' या सदरात लिहावे. 'येणारच' या सदरात कधीही लिहू नये. चित्रपट लगेच ओटीटीवर विकला जाईल, या आशेलाही हेच लागू आहे. लहान चित्रपट आधी विकत घेण्याचा त्या कंपन्यांचा उत्साह आता बराच ओसरला आहे.

मग अशी कथा करायचीच नाही का? करायची, पण जोखीम वाटून. 'श्वास' हा अभिनेते अरुण नलावडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मिळून उभा केलेला चित्रपट होता, आणि १९५३ च्या 'श्यामची आई'नंतर पन्नास वर्षांनी मराठीला सुवर्णकमळ त्यानेच मिळवून दिले. गुजरातेत १९७६ साली पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले आणि त्या दहा लाखांत श्याम बेनेगल यांचा 'मंथन' झाला. पुढे तेच शेतकरी ट्रकमधून चित्रपट पाहायला आले. मात्र लोकांकडून पैसे घेताना सावध राहावे. देणगी म्हणून किंवा तिकिटाच्या, श्रेयनामावलीतील उल्लेखाच्या बदल्यात रक्कम घेणे वेगळे, आणि नफ्याचे आश्वासन देऊन जाहीर आवाहन करणे वेगळे. दुसऱ्या प्रकाराला कंपनी कायदा आणि भांडवल बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीचे नियम लागतात, म्हणून सनदी लेखापालाला विचारल्याशिवाय एक रुपयाही स्वीकारू नये.

तुम्हाला मला एवढेच सुचवायचे आहे : गेला तरी घर हलणार नाही, एवढीच रक्कम बाजूला काढा. त्यातून विद्यार्थ्याला पटकथा पूर्ण करण्यासाठी मानधन द्या, त्याच्याशी लेखी करार करा, आणि कथेतील एक प्रसंग दहा मिनिटांच्या लघुपटात चांगला चित्रित करून घ्या. एवढ्या तयारीनिशी अनुभवी निर्मात्याकडे गेलात, तर सहनिर्माते म्हणून तुमचे नाव आणि हिस्सा दोन्ही राहील आणि जमीनही राहील.

प्रश्न : एका ज्येष्ठ लेखकांच्या कथेवर मी चित्रपट करत आहे. त्यांनी मला तोंडी परवानगी दिली होती, अनेकांसमोर आनंदही व्यक्त केला होता. आता ते हयात नाहीत आणि त्यांचे चिरंजीव नवा करार मागत आहेत. पटकथेवर माझे दीड वर्ष गेले आहे. तोंडी परवानगी पुरेशी नाही का? — एक वाचक, पुणे

उत्तर : पुरेशी नाही. कॉपीराइटचे हस्तांतरण लेखी आणि सहीनिशी असावे लागते; कितीही साक्षीदार असले तरी तोंडी शब्दाने हक्क तुमच्याकडे आलेले नाहीत. लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षे ते हक्क वारसांकडे राहतात. तेव्हा चिरंजीव काही अन्यायाचे मागत नाहीत. त्यांच्याशी वाद घालू नका. लेखकांच्या पत्नी हयात असतील तर त्यांना आणि सर्व वारसांना भेटा, पटकथा वाचून दाखवा, त्यांच्या मनातील शंका ऐका. एकाच वारसाची सही घेऊन पुढे जाण्याचा मोह टाळा, कारण दुसऱ्या वारसाची नोटीस नेमकी प्रदर्शनाच्या आठवड्यात येते आणि त्या वेळी तडजोडीची रक्कम ठरवणे तुमच्या हातात राहत नाही.

कराराचा मसुदा वकिलाकडूनच करून घ्या, पण त्यात काय असले पाहिजे हे तुम्हालाही कळायला हवे. कॉपीराइट कायद्याच्या १९ व्या कलमानुसार मुदत लिहिलेली नसेल तर हस्तांतरण पाच वर्षांचे मानले जाते, आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर ते भारतापुरते धरले जाते. हक्क घेणाऱ्याने एका वर्षात त्यांचा वापर केला नाही, तर, करारात वेगळे काही ठरलेले नसल्यास, ते हक्क संपुष्टात येतात. आता विचार करा : लहान चित्रपटाला पैसे जमवण्यातच तीन-चार वर्षे जातात. अर्ध्या पानाच्या घरगुती करारावर विसंबलेल्या निर्मात्याचा चित्रपट तयार होईपर्यंत हक्कच उरलेले नसतात, आणि परदेशातील वितरकाने मागणी केली तर विकण्यासारखे काही हातात नसते. म्हणून मुदत, प्रदेश, भाषा, पुनर्निर्मिती, वेबमालिका, ओटीटी आणि भविष्यातील माध्यमे यांचा स्पष्ट उल्लेख करावा, आणि एका वर्षाच्या अटीविषयी वेगळे वाक्य असावे.

सगळी रक्कम आज देणे शक्य नसेल, तर ऑप्शनचा करार करता येतो. थोडी रक्कम देऊन, समजा, अठरा महिन्यांसाठी कथा तुमच्यासाठी राखून ठेवली जाते, आणि पैसे उभे राहिल्यावर उरलेली रक्कम देऊन पूर्ण हक्क घेतले जातात. वारसांना प्रामाणिकपणे सांगितले तर बहुतेक कुटुंबे याला तयार होतात.

कथेनंतरही कागद संपत नाहीत. पटकथाकार, संवादलेखक, गीतकार, संगीतकार, गायक, कलाकार, छायाचित्रकार, संकलक, एवढेच नव्हे तर ज्यांच्या वाड्यात चित्रीकरण केले त्या मालकांचीही लेखी संमती हवी. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार, संगीतकार आणि लेखक यांचा चित्रपटगृहाबाहेरील वापरावरील स्वामित्वधनाचा (रॉयल्टीचा) वाटा करारानेही काढून घेता येत नाही. तसे कलम कोणी घातले असेल तर ते वगळा, कारण ते कायद्याला धरून नाही आणि माझ्या मते न्यायालाही धरून नाही. शीर्षक मराठी असल्याने अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाकडे त्याची नोंदणी करा. हे सर्व कागद एका फाइलमध्ये, तारखेच्या क्रमाने ठेवा. चित्रपट विकत घेणारी कोणतीही गंभीर कंपनी आधी हीच फाइल मागते, चित्रपट नंतर पाहते.

प्रश्न : गोव्याला इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या वेळी भरणाऱ्या फिल्म बझारला जाण्याचा खर्च नवख्या निर्मात्याने करावा का? तेथे परदेशी निर्माते खरोखर पैसे देतात का? — एक वाचक, बेळगाव

उत्तर : करावा, पण हातात काय आहे ते पाहून. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाने २००७ मध्ये हा बाजार सुरू केला; आता तो वेव्हज फिल्म बझार या नावाने भरतो. त्यात वेगवेगळ्या टप्प्यांवरच्या चित्रपटांसाठी वेगवेगळी दालने आहेत. पटकथा आणि दिग्दर्शक तयार असून पैसे हवे असतील तर सहनिर्मिती बाजार. चित्रीकरण होऊन कच्चे संकलन हातात असेल तर वर्क-इन-प्रोग्रेस लॅब, जेथे परदेशातील संकलक आणि महोत्सवांचे निवडकर्ते चित्रपट पाहून सल्ला देतात. आणि चित्रपट पूर्ण असेल तर व्ह्यूइंग रूम, जेथे खरेदीदार आपापल्या पडद्यावर तो पाहतात. निवड होऊन जाणे आणि नुसते प्रवेशपत्र काढून जाणे यांत मोठा फरक आहे. निवड झालेली नसेल तरी पहिल्या खेपेस केवळ शिकण्यासाठी जायला हरकत नाही. बेळगावहून तर गोवा हाकेच्या अंतरावर आहे.

तेथे कोणी धनादेश लिहून देत नाही. एका भेटीला जेमतेम वीस मिनिटे मिळतात आणि समोरचा माणूस दिवसभरात कितीतरी जणांना भेटलेला असतो. त्याला कथेचा सारांश, दिग्दर्शकाचे पूर्वीचे काम, अंदाजपत्रक, आणि मुख्य म्हणजे एकूण रकमेपैकी किती टक्के आधीच जमले आहेत, हे हवे असते. "आमच्याकडे अजून काहीच नाही, पण कथा फार सुंदर आहे," असे सांगणाऱ्याचे पुढे फारसे काही होत नाही. वीस टक्के जरी हातात असतील तरी बोलणे पुढे सरकते.

परदेशी पैसा येतो तो त्या त्या देशांच्या नियमांतून. भारताचे अनेक देशांशी सहनिर्मिती करार आहेत. अशा कराराखाली केलेला चित्रपट दोन्ही देशांचा मानला जातो, आणि मग तेथील सार्वजनिक निधीकडे अर्ज करता येतो. त्या बदल्यात ध्वनी, संगीत किंवा संकलनासारखे काही काम त्या देशात आणि तेथील तंत्रज्ञांकडून करावे लागते. रितेश बत्रा यांचा 'द लंचबॉक्स' हा मुंबईच्या डब्यांवरचा चित्रपट भारत, फ्रान्स आणि जर्मनी यांच्या सहनिर्मितीतून झाला. पायल कपाडिया यांच्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'ला २०२४ मध्ये फ्रान्समधील कान महोत्सवात ग्रां प्री हा दुसऱ्या क्रमांकाचा पुरस्कार मिळाला. त्यात रत्नागिरीच्या किनाऱ्याकडे निघालेल्या बायका आहेत, पण त्याच्या निर्मितीची धुरा एका फ्रेंच संस्थेकडे होती. रोहन कानवडे यांचा 'साबर बोंडं' हा पूर्णपणे मराठी चित्रपट भारत, ब्रिटन आणि कॅनडा यांच्या सहनिर्मितीतून झाला आणि २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचा सर्वोच्च पुरस्कार घेऊन आला. नगर जिल्ह्यातल्या खेड्यातील शोकाच्या दहा दिवसांची ही गोष्ट आहे. ती परदेशी प्रेक्षकाला सोपी व्हावी म्हणून कोणी बदलली नाही, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

आरंभीच्या टप्प्यासाठी रॉटरडॅम महोत्सवाचा ह्यूबर्ट बाल्स फंड पाहावा; 'कोर्ट'च्या पटकथेला त्याची मदत झाली होती. रक्कम फार मोठी नसते, पण निवड झाल्याची बातमी पुढची दारे उघडते. मात्र या वाटेला तीन ते पाच वर्षे लागतात. आणखी एक सावधगिरी : मोठे महोत्सव स्पर्धेसाठी चित्रपटाचा जगातला पहिला खेळ आपल्याकडेच व्हावा अशी अट घालतात, तेव्हा कोठेतरी लहान महोत्सवात हौसेने चित्रपट दाखवून ती संधी घालवू नका.

प्रश्न : मी लाइन प्रोड्यूसर म्हणून काम करते. मैत्रिणीबरोबर भागीदारीत एक चित्रपट केला, त्याचे कौतुक झाले, पण पैसे अजून पूर्ण परत आलेले नाहीत. या चित्रपटात मी स्वतः काहीच मानधन घेतले नाही. दुसऱ्या चित्रपटाचा प्रस्ताव आला आहे. आधीचे देणे असताना दुसरा सुरू करावा का? आणि स्वतंत्र निर्मात्याचे घर चालते तरी कशावर? — एक वाचक, ठाणे

उत्तर : तुमच्या पत्रातील एका वाक्यावर मी थांबलो : "मी स्वतः काहीच मानधन घेतले नाही." माझ्याकडे सल्ल्यासाठी येणाऱ्या बहुतेक अंदाजपत्रकांत निर्मात्याच्या मानधनाची ओळ रिकामी असते, आणि त्याला त्याग समजले जाते. हे थांबले पाहिजे. दोन-तीन वर्षे पूर्णवेळ काम करणाऱ्या व्यक्तीचा मोबदला हा चित्रपटाचा खरा खर्च आहे; तो लिहिला नाही, तर चित्रपट जेवढ्यात झाला असे आपण सांगतो ती रक्कमच खोटी ठरते, आणि पुढच्या वेळी गुंतवणूकदार तेवढ्यातच चित्रपट मागतो. हातात पैसे नसतील तर मानधन पुढे ढकलावे, पण आकडा आणि वसुलीच्या क्रमातील त्याचे स्थान करारात नोंदवून. स्पॉटदादा, लाइटमन आणि सहायकांचे पैसे मात्र कधीही पुढे ढकलू नयेत. त्यांना पॅक-अपनंतर वेळेवर पैसे मिळतात की नाही, यावरून तुमचे नाव या व्यवसायात जेवढे पसरते, तेवढे कोणत्याही पुरस्काराने पसरत नाही.

घर कशावर चालते, याचे सरळ उत्तर असे की पहिली काही वर्षे ते स्वतःच्या चित्रपटांवर चालत नाही. माझ्या ओळखीतले टिकून राहिलेले निर्माते दुसऱ्यांच्या चित्रपटांची लाइन प्रॉडक्शनची कामे घेतात, बाहेरून येणाऱ्या चमूंना महाराष्ट्रात चित्रीकरणाच्या परवानग्या आणि व्यवस्था करून देतात, जाहिरातपट आणि संस्थांचे माहितीपट करतात, आणि त्या मिळकतीवर स्वतःच्या दोन-तीन पटकथा वाढवत ठेवतात. एकाच पटकथेवर सगळे अवलंबून ठेवू नये. एक लेखनात, एक पैसे जमवण्याच्या टप्प्यावर आणि एक पूर्ण होत आलेली, अशी साखळी असली म्हणजे एखादी अडली तरी माणूस रिकामा राहत नाही. तुमच्या हातात लाइन प्रॉडक्शनचे काम आहेच. ते कमी दर्जाचे समजून सोडू नका.

भागीदारीचे कागद झाले आहेत का, हे तुम्ही लिहिलेले नाही. मैत्री असताना कागद करणे लाजिरवाणे वाटते, पण नेमके तेव्हाच ते नीट होतात. फाळक्यांनी १९१८ मध्ये मुंबईच्या व्यापाऱ्यांबरोबर हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी काढली. पैसा आला, पण निर्णय कोणाचा यावरून मतभेद झाले आणि ते सगळे सोडून काशीला निघून गेले. काही काळाने ते परतले खरे, तरी कंपनी त्यांच्या मनाप्रमाणे पुन्हा चालली नाही. कलेचा अंतिम निर्णय कोणाचा, पैसे परत येण्याचा क्रम कसा, एक भागीदार बाहेर पडला तर हक्कांचे काय, आणि पुढच्या भागाचे किंवा पुनर्निर्मितीचे अधिकार कोणाकडे, एवढे तरी लिहून घ्या.

दुसरा चित्रपट जरूर सुरू करा. पहिल्याचे देणे पूर्ण फिटेपर्यंत थांबायचे ठरवले, तर लहान चित्रपटांच्या जगात कोणीच दुसरा चित्रपट करू शकणार नाही. अट एकच : दोन्हींचा पैसा एकमेकांत मिसळता कामा नये. दुसऱ्या चित्रपटासाठी स्वतंत्र एलएलपी (मर्यादित दायित्वाची भागीदारी संस्था) आणि स्वतंत्र बँक खाते असावे. पहिल्या चित्रपटाच्या गुंतवणूकदारांना दर सहा महिन्यांनी एक पानाचा हिशेब पाठवा : या काळात काय आले, कशावर खर्च झाले, कोणाला किती दिले, आणि कोणते हक्क अजून विकायचे आहेत. जमा शून्य असली तरी तो कागद जायलाच हवा. लोक तोटा सहन करतात. फोन न उचलणे सहन करत नाहीत.

आधीच्या चित्रपटाचे न विकलेले हक्कही एकदा तपासा. शासकीय अनुदानाचा अर्ज झाला आहे का, उपग्रह वाहिनीचे हक्क कोणाकडे आहेत, विमानकंपन्या, शैक्षणिक संस्था आणि परदेशातील महाराष्ट्र मंडळांचे खेळ यांचा विचार झाला आहे का? एखाद्या ओटीटी कंपनीला ठरावीक मुदतीसाठी हक्क दिले असतील, तर ती मुदत कधी संपते याची नोंद करून ठेवा, कारण त्या तारखेनंतर ते तुमच्याकडे परत येतात आणि पुन्हा विकता येतात. गुंतवणूकदारांना पाठवायच्या पहिल्या हिशेबातच ही यादी जोडा, आणि नव्या चित्रपटाच्या प्रस्तावाची माहिती त्यांना बाहेरून कळण्याआधी त्याच पत्रातून द्या.